मुद्देमाल, शिंपले एकोणचाळीस

चनबसप्पा हरणाळगीच्या ग्रामपंचायतीत सोळा वर्षं कामाला होता आणि सोळाही वर्षं तो तात्पुरता होता. गावाला पाणी तो सोडायचा, मोटर जळली की शिव्या तो खायचा, टाकीत पाणी शुद्ध करायची टीसीएल पावडर तो टाकायचा. पण कागदावर त्याचं नाव 'मानधनावरील मदतनीस' असं होतं. त्यात मान किती आणि धन किती, हे ज्याचं त्यानं समजून घ्यावं. चोपन्नावं लागलं होतं. यंदा कायम झाला तर झाला, नाहीतर पंचायतीच्या खांबाला आणि त्याला सारखीच पेन्शन मिळणार, असं बायको अक्कम्मा रोज जेवताना ऐकवायची. तिचंही चुकत नव्हतं. तिनं माहेरी, अक्कलकोटकडं, 'आमच्या ह्यांना सरकारी हाय' असं सांगून ठेवलं होतं आणि एवढी वर्षं ते खोटं ती एकटी सांभाळत होती.

कुंभारीच्या पुढं, रस्ता सोडून आत गेलं की हरणाळगी. गावाखालून ओढा वाहतो आणि त्यात गौरीचा डोह आहे. बाकीचा ओढा मार्चलाच हाडं दाखवतो, पण डोह कधी आटत नाही. त्या डोहावर एका जानेवारीत सोलापुरातून सिद्धेश्वरी नावाची मुलगी आली. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, हातात जाळी, पाठीवर पिशवी. ती विद्यापीठात शिंपल्यांवर पीएचडी करत होती. शिंपल्यांवर डॉक्टर होता येतं हे ऐकून पारावरच्या मंडळींनी एकमेकांकडं बघितलं. आपण उगाच शेती केली, असं दोघा-तिघांना मनापासून वाटलं.

तीन दिवस तिनं जाळीनं डोह ढवळला. हाताची सालं निघाली, शिंपला मिळेना. चौथ्या दिवशी व्हॉल्व बंद करून परतणाऱ्या चनबसप्पाला राहवलं नाही.

"मॅडम, हातानं न्हाय गावत ते. पायानं बघावं लागतंय."

पँट वर दुमडून तो पाण्यात उतरला आणि टाच वाळूत दाबत उलटा, सावकाश चालायला लागला. शिंपला वाळूत उभा गाडलेला असतो, फक्त ओठाची कड वर असते. ती टाचेला लागते आणि झटकन मिटते. ही विद्या त्याला आईनं शिकवली होती. कपडे धुता धुता ती असे शिंपले काढायची आणि पोरांना दाखवून परत ठेवायची. चनबसप्पा वाकला आणि एक शिंपला काढून त्यानं सिद्धेश्वरीच्या तळव्यावर ठेवला. ती बुटासकट पाण्यात बसली.

"मामा, हा साठ वर्षांत कुणाला दिसलेला नाही!"

"मला तर रोज दिसतंय."

"मग कुणाला सांगितलं का नाही?"

"कुणी इचारलंच न्हाय की."

आठवडाभर पाय घासून दोघांनी सगळे मोजले. एक्केचाळीस भरले. पुढच्या रविवारी पेपरात बातमी आली: जगात दुर्मीळ, नामशेष होण्याच्या वाटेवरचा शिंपला हरणाळगीत. सोमवारी अर्धा गाव पाट्या घेऊन मोती शोधायला डोहात उतरला. दोन शिंपले फोडले गेले. आत मोती नव्हता, करडं मांस होतं. गाव निराश होऊन घरी गेला आणि शिंपले राहिले एकोणचाळीस.

खरी पंचाईत झाली ती सरपंच बाळासोची. डोहावर सिमेंटचा घाट मंजूर झाला होता. पायऱ्या, कठडे, दिव्यांचे खांब आणि मधोमध 'आय लव्ह हरणाळगी' अशी माणूसभर उंचीची लाल अक्षरं. त्यासाठी निम्मा डोह मुरमानं भरायचा होता. आता वरून पत्र आलं की दुर्मीळ जीव जिथं आहे तिथं काम करता येणार नाही. "हत्तीनं अडवलं असतं तर मान तरी ऱ्हायला असता," बाळासो ज्याला त्याला सांगायचा, "हितं शिंपल्यानं अडवलं हो!" तीन दिवस त्याचं हेच चाललं. चौथ्या दिवशी त्याची ट्यूब पेटली.

"शिंपले हायत म्हणून काम बंद हाय न्हवं? मग शिंपले उचलू की!"

महिन्याभरात पंचायतीसमोर 'शिंपला संवर्धन केंद्र' उभं राहिलं. म्हणजे एक हौद. निळ्या फरशा, मधोमध कारंजं, तळाला बांधकामातून उरलेली वाळू. हौदापेक्षा फलक मोठा, आणि फलकावर शिंपल्यापेक्षा बाळासो मोठा. चित्र होतं ते समुद्रातल्या मोत्याच्या शिंपल्याचं, कारण आपल्या डोहातला चेहऱ्यानं जरा साधा होता.

सिद्धेश्वरी धावत आली. "सरपंच, त्यांना वाहतं पाणी लागतं. मासे लागतात. त्यांची पिल्लं आधी माशाच्या कल्ल्याला चिकटून वाढतात, मग वाळूत उतरतात. हौदात हे मरतील!"

"मासं बी सोडू की, मॅडम. रंगीत सोडू."

तिनं लेखी अर्ज दिला. त्यावर 'आवक' असा शिक्का बसला. पंचायतीत एकदा आवक झालेली गोष्ट पुन्हा कुणाच्या नजरेला पडत नाही.

शिंपले निघाले ते वाजतगाजत. पुढं हलगी, मागं पाच सुवासिनींच्या डोक्यावर स्टीलच्या घागरी. वेशीत औक्षण झालं. एकीनं चुकून घागरीत हळदकुंकूही टाकलं. पाण्यातून ते काढून द्यायचं काम अर्थातच चनबसप्पाचं, कारण दुसऱ्या कुणाच्या टाचेला तेवढी अक्कल नव्हती. एकेक शिंपला तो घागरीत टाकण्याआधी क्षणभर पाण्यातच धरून ठेवायचा. आईनं प्रत्येक वेळी परत ठेवलेले होते ते, आणि आपण घागरीत भरतोय. पण सोळा वर्षांच्या तात्पुरत्या माणसाचं तोंड फार उघडत नाही.

आठ दिवसांत हौदाचं पाणी हिरवं झालं. गुरुवारी उद्घाटन, मुंबईहून मोठे पाहुणे यायचे होते. मंगळवारी बाळासोनं चनबसप्पाला बोलावलं.

"पाणी शेवाळलंय. टीसीएल टाक. मापानं न्हाय, पोत्यानं. तळ कसा लखलखला पायजे."

"सरपंच, मरत्याल की ते. हिरीत पावडर जास्त पडली तर बेडकं उलटी होत्यात."

"मेलेला शिंपला आन् जिता शिंपला, दिसायला काय फरक हाय सांग बघू."

"जिता मिटतोय. मेला की उघडतोय."

"मग उघडू दे की! पाव्हण्यास्नी आतलं बी दिसंल." बाळासो हसला आणि मग आवाज खाली आणून म्हणाला, "आन् हे बघ अप्पा, गुरुवारीच तुझ्या कायमचा ठराव घ्यायलोय. पाव्हण्याच्या म्होरं वाचतो. आता तूच बघ."

चनबसप्पा घरी आला आणि ताटावर नुसता बसून राहिला. शेवटी त्यानं सगळं अक्कम्माला सांगितलं. ठराव ऐकून तिचा चेहरा उजळला, पुढचं ऐकून उतरला, आणि मग ती कडाडली.

"शिंपल्यांचं पडलंय तुमाला! सोळा वर्सांत माझं कधी पडलं?"

"तुझंच पडलंय म्हणून तर बसलोय. न्हायतर तोंडावरच न्हाय म्हनून आलो असतो."

दुधाचं पातेलं पुढ्यात ओढून अक्कम्मा बुडाची खरवड काढायला लागली. हरणाळगीत खरवड चमच्यानं काढत नाहीत. प्रत्येक चुलीपाशी एक शिंप असते, ओढ्याकाठी सापडलेल्या साध्या मेल्या शिंपल्याचं अर्धं कवच. सासूकडून सुनेला येते. वापरून वापरून तिची कड सरळ झालेली असते. खरवडता खरवडता तिचा हात थांबला. तिनं शिंप धुतली आणि नवऱ्यासमोर जमिनीवर पालथी घातली.

"आत जीव हाय का न्हाय, कुणाला कळतंय?"

चनबसप्पानं शिंपेकडं बघितलं, मग बायकोकडं. लग्नाला तीस वर्षं झाली होती, पण ही बाई आपल्याला पुरती कळलेली नाही, असं त्याला त्या दिवशी वाटलं.

बुधवारी अक्कम्मा घरोघर फिरली. 'शेरातली मॅडम अभ्यासाला मागायलीय' एवढ्या सबबीवर एकोणचाळीस शिंपा गोळा झाल्या. एका सुनेनं तर सासू शेतात गेलेली बघून सासूचीच आनंदानं काढून दिली. गुरुवारी पहाटे, पाणी सोडायच्या वेळेला, चनबसप्पानं सायकलला दोन घागरी बांधल्या. तो रोजच त्या वेळी फिरायचा, त्यामुळं कुणाला नवल वाटलं नाही. शिंपले ओल्या गोणपाटाखाली डोहावर गेले. एकेकाला त्यानं वाळूत उभं केलं आणि भोवतीची वाळू पायानं दाबली. सगळेच्या सगळे मिटलेले होते, म्हणजे जिवंत होते. मग हौदाच्या तळाशी एकोणचाळीस शिंपा पालथ्या मांडून त्यानं वर टीसीएलचं पोतं रिकामं केलं. हौद असा लखलखला की बाळासोनं त्याच्या पाठीवर थाप मारली.

उद्घाटन झकास झालं. पाहुण्यांना सोलापुरी टॉवेल, टोपी, नारळ. डोळे टीसीएलनं चुरचुरत होते. पाहुणे निसर्गप्रेमानं गहिवरले असं पेपरवाल्यांनी लिहून घेतलं. हौदात वाकून पाहुण्यांनी विचारलं, "हे हलत नाहीत का?"

"लाजाळू जात हाय, सायेब," बाळासो म्हणाला.

पाहुण्यांनी मूठभर चुरमुरे टाकून शिंपल्यांना खाऊ घातलं. सोबतच्या अधिकाऱ्यानं हौदाभोवती एक फेरी मारून दाखला लिहिला: शिंपले एकोणचाळीस, प्रकृती उत्तम, मूळ डोहात एकही शिल्लक नाही. गावाला पर्यावरणाच्या पुरस्काराची ढाल मिळाली. चनबसप्पाचा ठराव वाचला गेला आणि दोन टाळ्या पडल्या, त्याही अक्कम्माच्या.

गर्दी पांगल्यावर सिद्धेश्वरी हौदापाशी आली. तिचे डोळे आधीच सुजलेले होते. ती वाकली, बघत राहिली, आणि मग तिची मान हळूच वळली. कुठला शिंपला जन्मतः कडेला सरळ घासलेला नसतो, एवढं कळायला पीएचडी पुरेशी होती.

"मामा..."

"घरी गेल्यात सगळे," चनबसप्पा कारंज्याचं बटण बंद करत म्हणाला.

ती तिथंच हसली आणि रडली. तिला दोन्ही एकदम करायला जमलं.

चनबसप्पाला वाटलं, साप मेला आणि काठीही वाचली. नियुक्तीचं पत्र आलं. अक्कम्मानं ते माहेरी नेऊन चारचौघांत वाचून घेतलं आणि येताना सोलापूरच्या नव्या पेठेतून त्याच्यासाठी पांढरा शर्ट आणला. पण त्या दाखल्यातली शेवटची ओळ चनबसप्पानं वाचलीच नव्हती. डोहात एकही शिल्लक नाही. कागदावर शिंपले हौदात, डोह रिकामा; मग घाट बांधायला हरकत कुणाची? नोकरी कायम झाल्याच्या नवव्या दिवशी गौरीच्या डोहावर जेसीबी आला. मागं मुरमाचे तीन ट्रॅक्टर.

चनबसप्पा व्हॉल्व तसाच सोडून धावत गेला आणि पांढऱ्या शर्टासकट जेसीबीपुढं उभा राहिला.

"थांबवा! शिंपले हितं हायत!"

"हौदात हायत," बाळासो म्हणाला. "दाखला हाय."

"हौदात शिंपा हायत. खरवडायच्या."

लोक हसले. त्यांना वाटलं, कायम झाल्याचा आनंद डोक्यात गेला. बाळासोला मात्र एका क्षणात सगळं कळलं, कारण त्याच्याही घरची शिंप उद्घाटनाच्या आदल्या दिवसापासून सापडत नव्हती. त्यानं चनबसप्पाला बाजूला ओढलं. "गप घरला जा. पत्र हातात हाय तुझ्या. का पायावर धोंडा मारून घेतुयास?"

पत्र चनबसप्पाच्या खिशातच होतं. ते तो घरी ठेवायलाही घाबरायचा. त्यानं खिसा चाचपला, आणि मग तो तसाच पाण्यात उतरला. टाच दाबत, उलटा, सावकाश. वाकून त्यानं एक शिंपला वर काढला आणि सगळ्यांना दिसेल असा धरला. शिंपल्यानं पाणी मारलं, जिभेसारखा पाय आत ओढला आणि तो मिटला. दहा मोबाइल वर आले होते.

आता बाळासोची ढाल धोक्यात होती. ढाल खोटी ठरू द्यायची नाही तर एकच वाट होती, आणि ती त्याला जेसीबीच्या सावलीतच सुचली. संध्याकाळी त्यानं फिर्याद दिली: संवर्धन केंद्रातून दुर्मीळ शिंपले चोरून, विनापरवाना वाहतूक करून, डोहात लपवले, आरोपी चनबसप्पा. दुर्मीळ जीव वाचवण्यासाठी एवढे कायदे केलेले, इतकी वर्षं ते कुणाला लागू झाले नव्हते. पहिला माणूस सापडला तो हा.

पंचनाम्याला अधिकारी आले. मुद्देमाल जप्त करायचा होता, पण सिद्धेश्वरी पुढं झाली. हलवले तर मरतील, आणि मुद्देमाल मेला तर जबाबदारी जप्त करणाऱ्याची, एवढंच ती म्हणाली. तिच्या लेखी अर्जानं जे झालं नव्हतं ते त्या एका वाक्यानं झालं. साहेबांच्या कपाळावर घाम आला. त्यांनी मुद्देमाल जागेवरच जप्त केला, म्हणजे आख्खा डोह जप्त केला. चारी बाजूंनी पट्टी बांधली, पाटी लावली: खटल्याचा निकाल लागेपर्यंत प्रवेश, उपसा, भराव, सगळं बंद. जेसीबी माघारी गेला. चनबसप्पा निलंबित झाला.

मग सुरू झाल्या सोलापूरच्या कोर्टातल्या तारखा. कधी साक्षीदार नाही, कधी कागद नाही, कधी साहेब रजेवर. दर तारखेला चनबसप्पा सकाळच्या एसटीनं जायचा, बाकावर बसायचा, संध्याकाळी परत यायचा. लोकांच्या शेतात पाणी धरून घर चालवायचा. अक्कम्माचं माहेरी जाणं थांबलं. त्याबद्दल ती त्याला घालूनपाडून बोलायची आणि तारखेच्या दिवशी डबा भरून द्यायची. चार वर्षं गेली. पट्टीच्या आत पाय टाकायची कुणाची हिंमत नव्हती, त्यामुळं डोह सुखात होता. सिद्धेश्वरी तेवढी कोर्टाची परवानगी काढून वर्षातून एकदा मोजायला यायची. शेवटच्या मोजणीनंतर तिनं फोन केला तेव्हा तिला नीट बोलताच येईना. "मामा, पिल्लं आहेत! नखाएवढी! त्रेपन्न झाले!" चनबसप्पानं फोन कानाला तसाच धरून ठेवला. आईला सांगायला हवं होतं, असं त्याला वाटलं. ती जाऊन वीस वर्षं झाली होती.

आणि परवाच्या सोमवारी त्याचे वकील बसवराज हसत हसत कोर्टाच्या पायऱ्या उतरले. त्या दिवशी पहिल्यांदाच अक्कम्माही बरोबर आली होती. वकिलांनीच आणायला सांगितलं होतं.

"पेढे आणा, चनबसप्पा! सुटलात. बाळासोनं साक्ष फिरवली, चोरी झालीच नाही, शिंपले हौदातच आहेत म्हणाला. दुपारी पुकारा झाला की हजर व्हायचं, अर्ध्या तासात निर्दोष. नोकरी परत, मागचा पगार परत."

अक्कम्मानं पदर तोंडाला लावला. चनबसप्पानं विचारलं, "बाळासोला एकदम दया कशी आली?"

"दया कसली? घाटाला नवा निधी आलाय. मार्चच्या आत खर्च करायचाय. खटला संपला की जप्ती उठणार, डोह मोकळा."

"आन् शिंपले?"

"ते कागदावर हौदात आहेत की अजून."

"म्हणजे मी सुटलो की ते मेले."

वकिलांनी घड्याळ बघितलं. "अहो, चार वर्षं भोगलंत तुम्ही. आता भलता विचार करू नका. पुकाऱ्याला गैरहजर राहिलात तर उलट वॉरंट निघेल आणि पुढची तारीख पडेल. मी आत जातो, तुम्ही वेळेवर या."

ते गेले. नवराबायको कोर्टासमोरच्या टपरीवर बसले. चहा आला.

"पुढची तारीख मार्चनंतरच पडनार. मार्च गेला की निधी माघारी जातोय," चनबसप्पा म्हणाला.

"वॉरंट म्हंजे काय करत्यात?" अक्कम्मानं विचारलं.

"पोलीस येत्यात घरला. धरून नेत्यात."

"गावादेखत?"

"व्हय."

ती मान खाली घालून बसली. आतून शिपायाची हाक आली, लांबलचक, बापाच्या नावासकट. चनबसप्पा सवयीनं अर्धा उठला आणि तसाच थांबला. दुसरी हाक आली. वकील दारात येऊन इकडंतिकडं बघायला लागले. चनबसप्पानं बायकोकडं बघितलं. तिचे डोळे भरले होते आणि ओठ रागानं आवळलेले होते.

तिसरी हाक आली तेव्हा अक्कम्मानं आपला कप त्याच्यापुढं सरकवला.

"बसा खाली," ती म्हणाली. "ह्यो बी प्या. गार व्हायलाय."